वडगाव शेरी विधानसभा मतदारसंघ

वडगाव शेरी हा पुणे शहराच्या ईशान्येकडचा विधानसभा मतदारसंघ, राज्याच्या यादीत नंबर २०८, पुणे लोकसभेच्या सहा विधानसभांपैकी एक. जागा खुल्या वर्गाची आहे. बंडगार्डनच्या पुलावरून नदी ओलांडली की येरवडा लागतं आणि तिथून हा मतदारसंघ सुरू होतो, मग नगर रोड धरून कल्याणीनगर, रामवाडी, विमाननगर, वडगाव शेरी, चंदननगर, खराडी आणि दुसरीकडे आळंदी रोडच्या बाजूने विश्रांतवाडी, कळस, टिंगरेनगर, धानोरी, लोहगाव असा तो पसरत जातो. २०२४ ला मतदार ५ लाखांच्या आसपास होते, म्हणजे राज्यातल्या मोठ्या मतदारसंघांत याची गणना होते, आणि तरीही इथला निकाल गेल्या तीन वेळा जेमतेम पाच हजारांच्या आसपासच्या फरकाने लागलाय. आणि २००९ पासून आजपर्यंत इथे एकही आमदार लागोपाठ दुसऱ्यांदा निवडून आलेला नाही. या मतदारसंघाबद्दल एकच गोष्ट लक्षात ठेवायची असेल तर ही ठेवा, बाकी सगळं यातूनच उलगडत जातं.

हा मतदारसंघ तयार झाला २००८ च्या पुनर्रचनेत, त्याआधी या नावाचा मतदारसंघच नव्हता. येरवड्याकडचा भाग जुन्या बोपोडी मतदारसंघात मोडायचा, तो बोपोडी मतदारसंघ या पुनर्रचनेत बंद झाला. आता गंमत नाही, खरी अडचण अशी की पुनर्रचना झाली २००८ ला पण तिला आधार होता २००१ च्या जनगणनेचा, आणि २००१ मध्ये खराडी म्हणजे नुकतंच महापालिकेत आलेलं गाव होतं, बरीचशी शेतीच होती. १९९७ ला जी गावं पुण्यात घेतली त्यात वडगाव शेरी, खराडी, धानोरी, कळस ही होती. त्यानंतर आयटी पार्क आले, इऑन आलं, वर्ल्ड ट्रेड सेंटर आलं, आणि ज्या हिशोबाने रेषा आखल्या होत्या तो हिशोब पहिल्या पाच वर्षांतच जुना झाला. लोहगावचा उरलेला भाग तर २०१७ ला महापालिकेत आला.

कोण राहतं इथे

हा मतदारसंघ एकजिनसी नाहीये, निदान चार वेगवेगळ्या वस्त्या एका यादीत बसवल्यात असं म्हणायला हरकत नाही.

पहिले गाववाले. खराडीचे पठारे, धानोरी-टिंगरेनगरचे टिंगरे, वडगाव शेरीचे मुळीक आणि गलांडे, लोहगावचे खांदवे, येरवड्याचे मोझे. ही आडनावं नुसती आडनावं नाहीत, अर्धं राजकारण त्यात आहे. जमिनी होत्या, त्या बिल्डरांकडे गेल्या किंवा स्वतःच डेव्हलप केल्या, पण गावकी, भावकी, जत्रा, तालीम, सप्ताह हे सगळं तसंच चालू आहे. लोहगाव हे तुकाराम महाराजांचं आजोळ, तिथे आजही गावाला त्याचा अभिमान आहे आणि पुढारी कुठल्याही पक्षाचा असो, हरिनाम सप्ताहाला हजेरी लावतोच. संख्येने आता गाववाले थोडेच राहिलेत, पण मतदानाला ते घरातले म्हातारे-कोतारे सुद्धा गाडीत बसवून आणतात, त्यामुळे त्यांचं वजन डोक्यांच्या संख्येपेक्षा जास्त पडतं. विधानसभेला आतापर्यंत जे तीन आमदार झाले, पठारे, मुळीक आणि टिंगरे, ते तिघेही याच गावकीतले.

दुसरी वस्ती येरवड्याची. जेल, मनोरुग्णालय, डेक्कन कॉलेज हे सगळं एका पट्ट्यात, आणि त्याच्या आजूबाजूला लक्ष्मीनगर, नेताजीनगर, नागपूर चाळ, फुलेनगर, कामराजनगर अशा दाट वस्त्या. कामराजनगर हे नावच सांगतं की इथे दक्षिणेकडून आलेली कष्टकरी माणसं किती जुनी आहेत. मराठवाडा, सोलापूर, कर्नाटक, आंध्र, तमिळनाडू, सगळीकडून लोक बांधकामावर आले आणि इथेच राहिले. बौद्ध आणि मातंग समाज मोठा आहे, मुस्लिम वस्ती आहे, रिपब्लिकन चळवळ इथे जिवंत आहे, आठवले गटाचे डॉ. सिद्धार्थ धेंडे याच भागातून नगरसेवक होऊन पुण्याचे उपमहापौर झाले. शहरांसाठीच्या केंद्राच्या जेएनएनयूआरएम योजनेत येरवड्यातल्या काही वस्त्यांमध्ये लोकांना न हलवता जागच्या जागी पक्की घरं बांधली, तो प्रयोग देशभर अभ्यासला गेला, आणि मला वाटतं पुण्याने स्वतः त्याची जेवढी दखल घ्यायला हवी होती तेवढी घेतली नाही.

तिसरी वस्ती सोसायट्यांची, म्हणजे विमाननगर, कल्याणीनगर, खराडी आणि आता धानोरी-लोहगाव सुद्धा. इथे हिंदी, इंग्रजी, मल्याळम, बंगाली सगळं ऐकू येतं. धानोरी-विश्रांतवाडीकडे हवाई दल, लष्कर आणि दिघीच्या संरक्षण संशोधन संस्थांमधून निवृत्त झालेली कुटुंबं भरपूर, विमाननगरला विद्यार्थी आणि आयटीवाले.

आणि चौथा समाज ज्याचं नाव पुण्याच्या राजकारणात फारसं कुणी घेत नाही तो ख्रिश्चन समाज. रामवाडीला नगर रोडवर पेपल सेमिनरी, म्हणजे ख्रिश्चन धर्मगुरू घडवणारी संस्था आहे, १९५५ ला ती श्रीलंकेतल्या कँडीहून पुण्यात आली, तिच्या आजूबाजूला बऱ्याच धार्मिक संस्था आणि शाळा उभ्या राहिल्या आणि वडगाव शेरीत ख्रिश्चन वस्ती वाढत गेली. नाताळला इथल्या गल्ल्यांमध्ये सगळ्या पक्षांचे शुभेच्छांचे फ्लेक्स लागतात.

येरवडा आणि मतदारसंघ या शब्दाचं नातं

हे इथे लिहिलंच पाहिजे, कारण भारतात मतदारसंघ कसे असावेत याचा एक फार मोठा निर्णय याच मतदारसंघाच्या हद्दीत झालाय. ब्रिटिशांनी १९३२ मध्ये दलितांसाठी स्वतंत्र मतदारसंघ जाहीर केले, त्याविरुद्ध गांधीजींनी २० सप्टेंबर १९३२ ला येरवडा जेलमध्ये उपोषण सुरू केलं, आणि डॉ. बाबासाहेब आंबेडकरांवर देशभरातून प्रचंड दबाव आला. २४ सप्टेंबरला पुणे करार झाला. प्रांतिक कायदेमंडळांत दलितांसाठी आधी ७१ जागा होत्या त्या १४८ झाल्या, पण स्वतंत्र मतदारसंघ गेले आणि संयुक्त मतदारसंघात राखीव जागा आल्या. बाबासाहेबांना हा करार पुढेही खुपत राहिला, कारण राखीव जागेवर कोण निवडून येणार हे संयुक्त यादीत बहुसंख्य असलेले इतर मतदारच ठरवणार होते. आज जेलच्या भिंतीला लागून ज्या वस्त्या आहेत तिथले लोक याच पद्धतीच्या यादीत मत टाकतात, शेजारचा पुणे कॅन्टोन्मेंट मतदारसंघ अनुसूचित जातींसाठी राखीव आहे आणि वडगाव शेरी खुला.

निवडणुकांचा इतिहास

२००९ ची पहिली निवडणूक राष्ट्रवादी काँग्रेसच्या बापूसाहेब पठारेंनी जिंकली. तेव्हा आघाडी होती, महापालिकेतही राष्ट्रवादीचं बरं चालू होतं, लोकसभेला त्याच वर्षी काँग्रेसचे सुरेश कलमाडी पुण्यातून निवडून आले होते.

२०१४ ला सगळंच फुटलं. युती तुटली, आघाडी तुटली, चारही पक्ष वेगवेगळे लढले आणि मोदी लाट होतीच. भाजपचे जगदीश मुळीक निवडून आले, दुसऱ्या नंबरवर शिवसेनेचे सुनील टिंगरे, फरक सव्वापाच हजारांच्या आसपास, आणि विद्यमान आमदार पठारे थेट तिसऱ्या नंबरवर. त्या वर्षी पुणे शहरातल्या आठच्या आठ जागा भाजपने घेतल्या त्यामुळे वडगाव शेरीचं वेगळेपण कुणाच्या डोळ्यात आलं नाही, पण आकडे नीट बघितले तर मतं तीन जणांत वाटली गेली होती, लाट असूनही इथे एकतर्फी काही झालं नव्हतं.

२०१९ ला टिंगरे राष्ट्रवादीकडून उभे राहिले आणि त्यांनी मुळीकांना हरवलं, फरक पाच हजारांच्या आत. म्हणजे पाच वर्षांपूर्वी जे दोघे समोरासमोर होते तेच दोघे, एकाचा पक्ष बदललेला, आणि निकाल उलटा. शहरात त्या वेळी भाजपच्या सहा जागा आल्या, राष्ट्रवादीच्या दोन, हडपसर आणि वडगाव शेरी. दोन्ही पूर्वेकडची उपनगरं आहेत हे विसरू नका, जुन्या पेठांचं आणि कोथरूडचं पुणे वेगळं मतदान करतं आणि नगर रोड-सोलापूर रोडचं पुणे वेगळं.

मग २०२३ च्या जुलैमध्ये राष्ट्रवादी फुटली. टिंगरे अजित पवारांबरोबर गेले, घड्याळ त्यांच्याकडे राहिलं. पठारे मधल्या काळात भाजपमध्ये गेले होते, ते सप्टेंबर २०२४ मध्ये शरद पवारांच्या पक्षात परत आले आणि तुतारी घेऊन उभे राहिले. महायुतीत जागा घड्याळाला गेल्याने भाजपच्या कार्यकर्त्यांना, जे पाच वर्षं टिंगरेंच्या विरोधात काम करत होते, त्यांना आता त्यांचाच प्रचार करावा लागला. २० नोव्हेंबर २०२४ ला मतदान झालं, २३ ला निकाल: पठारे १,३३,६८९, टिंगरे १,२८,९७९. फरक ४,७१०. शहरातल्या आठ जागांपैकी सात महायुतीला गेल्या आणि महाविकास आघाडीला फक्त ही एक.

यात लोकसभेचं गणित शेजारी ठेवलं की चित्र अजून स्पष्ट होतं. २०१४ ला अनिल शिरोळे आणि २०१९ ला गिरीश बापट, दोघेही भाजपचे, पुण्यातून ३ लाखांच्या वर फरकाने आले. बापटांचं मार्च २०२३ मध्ये निधन झालं आणि पोटनिवडणूक झालीच नाही, एका वर्षापेक्षा जास्त काळ पुण्याला खासदार नव्हता. मे २०२४ मध्ये मतदान झालं, ४ जूनच्या निकालात भाजपचे मुरलीधर मोहोळ १ लाख २३ हजारांनी जिंकले, वडगाव शेरीतही त्यांना आघाडी मिळाली. आणि त्यानंतर सहा महिन्यांतच विधानसभेला याच मतदारांनी महाविकास आघाडीचा आमदार दिला. इथला माणूस दिल्लीसाठी एक बटण दाबतो आणि मुंबईसाठी दुसरं, आणि पक्षापेक्षा उमेदवार कुठल्या गावचा, कुणाच्या दारात उभा राहणारा, याला विधानसभेला जास्त किंमत आहे, असं माझं स्पष्ट मत आहे.

कशावर मत पडतं

पाणी. आधी पाणी, मग बाकीचं. पुण्याचं पाणी खडकवासल्यातून येतं आणि ते शहराच्या दुसऱ्या टोकाला, त्यामुळे हा पट्टा कायम शेवटी राहिला. खेड तालुक्यातल्या भामा आसखेड धरणातून पाणी आणायची योजना खास याच भागासाठी होती, धरणग्रस्त शेतकऱ्यांच्या पुनर्वसनाच्या मागण्यांमुळे ती बरीच रखडली, त्यांच्या मागण्या रास्त होत्या हेही सांगायला हवं, आणि शेवटी १ जानेवारी २०२१ ला तिचं उद्घाटन झालं, अजित पवार आणि देवेंद्र फडणवीस दोघेही एका स्टेजवर. श्रेय कुणाचं यावरून दोन्ही बाजूंनी जोरात घोषणा दिल्या गेल्या. नव्या सोसायट्यांचं टँकरचं बिल मात्र अजून मेंटेनन्सच्या पावतीत येतंच.

दुसरा विषय नगर रोडचं ट्रॅफिक. बीआरटी, म्हणजे बससाठी राखीव मार्गिका आली, तिने रस्ता अडवला म्हणून ओरड झाली, मग ती टप्प्याटप्प्याने काढली. मेट्रो रामवाडीपर्यंत मार्च २०२४ मध्ये आली, येरवडा स्टेशन त्याच वर्षी ऑगस्टमध्ये उघडलं, पुढे वाघोलीपर्यंतच्या मार्गाला केंद्राने जून २०२५ मध्ये मंजुरी दिली. लोहगावकडे तिसराच विषय, हवाई दलाच्या तळाभोवती बांधकामाला असलेली बंदी, त्यात अडकलेल्या घरांचं काय करायचं याचं आश्वासन प्रत्येक निवडणुकीत मिळतं. आणि १९ मे २०२४ च्या पहाटे कल्याणीनगरला पोर्शे गाडीखाली दोन तरुण इंजिनियर गेले, त्यानंतरच्या विधानसभा प्रचारात हा विषय सतत होता.

मतदानाचा टक्का

खरी दुखरी जागा ही आहे. २०१९ ला इथे निम्म्याहून कमी लोकांनी मत दिलं, २०२४ ला टक्का वाढून निम्म्याच्या वर गेला, त्या वेळी निवडणूक आयोगाने मोठ्या सोसायट्यांच्या आवारातच बूथ दिले होते त्याचा फायदा झाला असावा. पण अजूनही हजारो लोक इथे दहा-पंधरा वर्षं राहतात, इथला टॅक्स भरतात, मुलं इथल्या शाळेत जातात आणि नाव मात्र लातूरला नाहीतर जळगावला. यादीतलं नाव इकडे आणायचा फॉर्म नंबर ८ भरायला अर्धा तास लागत नाही. आमच्या धानोरीच्या बिल्डिंगमध्ये आम्ही दोन रविवार टेबल टाकून बसलो तर लोक म्हणाले गावाकडचं नाव कमी झालं तर जमिनीच्या कागदांना अडचण येईल का, रेशनचं काय होईल. काहीही होत नाही, मतदार यादीचा आणि सातबाराचा संबंध नाही, पण ही भीती खरी आहे आणि ती कुणीतरी समजावून काढायला हवी. ४,७१० च्या फरकाने आमदार ठरतो तिथे एवढे लोक तर चार-पाच मोठ्या टाउनशिपमध्ये राहतात.

महापालिकेच्या बाबतीत तर मत द्यायची संधीच गेली होती, २०१७ च्या निवडणुकीत निवडून आलेल्या सभागृहाची मुदत मार्च २०२२ मध्ये संपली आणि पुढची निवडणूक थेट जानेवारी २०२६ मध्ये झाली, मधली जवळपास चार वर्षं प्रशासक होता आणि ड्रेनेज तुंबलं तर कुणाच्या दारात जायचं हे कळत नव्हतं.

हद्दीचा प्रश्न

खराडीच्या पलीकडे वाघोली आहे. २०२१ ला ती पुणे महापालिकेत आली, नगर रोड तोच, टँकर तोच, कोंडीही तीच, पण वाघोलीचे लोक विधानसभेला शिरूर मतदारसंघात मत देतात आणि खराडीचे वडगाव शेरीत. आता २०२७ ची जनगणना होतेय, तिच्यानंतर मतदारसंघांच्या रेषा नव्याने आखल्या जातील तेव्हा ५ लाखांची ही यादी एकत्र ठेवता येणं अवघड आहे. येरवडा-विश्रांतवाडी एकीकडे आणि खराडी-वाघोली दुसरीकडे अशी वाटणी इथले कार्यकर्ते चहाच्या टपरीवर आत्तापासूनच करून बघतात.