काजी, मेइको

काजी, मेइको : (२४ मार्च १९४७– ). जपानी अभिनेत्री व गायिका. जन्म टोकियो येथे. मूळ नाव ओता मासाको. काजी हे आडनाव असून जपानी श्रेयनामावलीत ते आधी येते. टोळीपट, तुरुंगपट आणि सूडपट यांतून तिचे नाव झाले. पुढे घरगुती दूरदर्शन मालिका, अभिजात नाटकावरचा चित्रपट आणि दीर्घकाळ चाललेली ऐतिहासिक मालिका यांतून ती घराघरांत पोचली. भारतात तिची ओळख बहुधा ‘किल बिल’ या अमेरिकी चित्रपटातल्या दोन गाण्यांपुरती आहे. तेवढ्यावर थांबल्यास या अभिनेत्रीचा निम्म्याहून मोठा भाग नजरेआड राहतो.

१९६५ मध्ये ती निक्कात्सु कंपनीत दाखल झाली. त्या काळी जपानी चित्रकंपन्या नटांशी एकनिष्ठतेचा करार करत. कोणत्या चित्रपटात काम करायचे हे कंपनी ठरवी आणि करार मोडणाऱ्याला दुसरी कंपनी सहसा घेत नसे. चित्रगृहांत एका तिकिटावर दोन चित्रपट दाखवले जात व कार्यक्रम दर थोड्या आठवड्यांनी बदले, त्यामुळे चित्रीकरण अतिशय वेगाने उरकावे लागे. या घाण्यात तिने चार वर्षे खऱ्या नावाने दुय्यम भूमिका केल्या. १९६९ मध्ये माकिनो मासाहिरो या ज्येष्ठ दिग्दर्शकाने आपल्या ‘निहोन झान्क्योदेन’ या चित्रपटाच्या वेळी तिला मेइको काजी हे नाव दिले.

नाव बदलल्यावर पुढच्याच वर्षी ‘नोरानेको रॉक’ ही चित्रपटमालिका आली. मे १९७० ते जानेवारी १९७१ या नऊ महिन्यांत तिचे पाच भाग निघाले. तीन हासेबे यासुहारू याने आणि दोन फुजिता तोशिया याने दिग्दर्शित केले. पहिल्या भागात झोत गायिका वादा आकिको हिच्यावर होता आणि काजी मुलींच्या टोळीची म्होरकी होती. मालिकेचे केंद्र लवकरच तिच्याकडे सरकले. तिसऱ्या भागात अमेरिकी लष्करी तळाजवळच्या गावातले तरुण मिश्रवंशीय मुलांच्या मागे लागतात, अशी कथा आहे. रुंद काठाची काळी टोपी तिच्या डोक्यावर इथेच दिसते. ती पुढच्या तुरुंगपटांतून आली असा समज आहे, तो बरोबर नाही. पाचही भागांना सलग कथानक नाही. तीच नटमंडळी प्रत्येक वेळी नव्या भूमिकेत येतात, त्यामुळे आधीच्या भागातले पात्र पुढे शोधत बसणारा प्रेक्षक गोंधळतो.

दरम्यान चित्रधंदा कोसळत होता. १९५८ मध्ये जपानमध्ये वर्षाला ११२ कोटींहून अधिक तिकिटे विकली गेली होती. १९७२ पर्यंत हा आकडा १९ कोटींच्या आसपास आला. मुख्य कारण घरोघरी आलेला दूरदर्शन संच. नोव्हेंबर १९७१ पासून निक्कात्सुने तगून राहण्यासाठी कामुक चित्रपटांची निर्मिती सुरू केली. काजीने तशा भूमिका स्वीकारण्याऐवजी कंपनी सोडली आणि ती तोएई या दुसऱ्या चित्रकंपनीकडे गेली. एकनिष्ठतेच्या कराराची पकड तोवर सैल झाली होती. दहा वर्षांपूर्वी असे पाऊल उचलणे तिला फार महाग पडले असते.

तोएईमध्ये तिला ‘सासोरी’ (विंचू) ही भूमिका मिळाली. शिनोहारा तोरू याच्या चित्रकथेवर बेतलेला पहिला भाग ऑगस्ट १९७२ मध्ये आला. दिग्दर्शक इतो शुन्या याचा तो पहिलाच चित्रपट होता. प्रियकर असलेल्या पोलीस अधिकाऱ्याने वापरून फेकून दिलेली मात्सुशिमा नामी तुरुंगात जाते, छळ सोसते आणि सूड घेते, एवढेच कथानक. मूळ चित्रकथेतली नामी तोंडाने शिवराळ आहे. काजीने मात्र तिला जवळजवळ मूक करण्याचा आग्रह धरला. त्यामुळे सारा भार डोळ्यांवर आला. ती पापणी न लवता पाहते, मान हलवण्याआधी बुबुळे वळवते आणि समोरचा बोलत असताना त्याच्याकडे न पाहता त्याचे बोलणे संपले की पाहते. दुसऱ्या भागात तिला जेमतेम एक-दोन वाक्ये आहेत. इतोने याला साजेशी रंगमंचीय रचना केली : प्रसंगाच्या मध्येच बदलणारा प्रकाश, सरकणारे नेपथ्य, काबुकी या पारंपरिक जपानी नाट्याची आठवण देणारे रंगलेले आकाश. या चित्रपटांतली नग्नता आणि बलात्काराची दृश्ये आज पाहणे जड जाते आणि जावेही. तरी कॅमेरा वारंवार नामीच्या बाजूने उभा राहतो, हे त्यांचे वेगळेपण नाकारता येत नाही.

इतोने पहिले तीन भाग केले, चौथा हासेबेने. डिसेंबर १९७३ मध्ये तो आला आणि काजीने ही भूमिका सोडली. तोएईने पुढे दुसऱ्या अभिनेत्री घेऊन मालिका चालवली. ‘सासोरी’ नाव पाहून चित्रपट निवडणाऱ्याने आधी श्रेयनामावली तपासावी. शीर्षकगीत ‘उरामी बुशी’ तिनेच गायले आहे. शब्द इतोचे, चाल किकुची शुन्सुके याची. आवाज खालच्या पट्टीत, जवळजवळ सपाट ठेवलेला आहे. गळा काढून रडणे तिने टाळले आहे.

याच डिसेंबरात ‘शुरायुकिहिमे’ही प्रदर्शित झाला. कथा कोइके काझुओ आणि कामिमुरा काझुओ यांच्या चित्रकथेवरून, दिग्दर्शन फुजिताचे. मेइजी काळात (१८६८–१९१२) तुरुंगात जन्मलेली युकी (काजी) आईचा सूड पुरा करण्यासाठीच वाढवली जाते. तिची तलवार छत्रीच्या दांड्यात लपवलेली असते. पांढरा किमोनो, बर्फ आणि दाबाने उसळणारे लालभडक कृत्रिम रक्त ही रंगसंगती पुढे जगभर उचलली गेली. १९७४ मध्ये दुसरा भाग आला, पण तो राजकीय कटकारस्थानात अडकला आणि युकी स्वतःच्याच चित्रपटात बाजूला पडली.

काजीने हाणामारीचे चित्रपट सोडले आणि मग ती मुख्य प्रवाहात आली, असे सरसकट लिहिले जाते. तारखा वेगळेच सांगतात. ‘सासोरी’चा चौथा भाग चित्रगृहांत लागला त्याच्या पुढच्याच महिन्यात, जानेवारी १९७४ मध्ये, टीबीएस वाहिनीवर ‘तेराउची कान्तारो इक्का’ ही कौटुंबिक मालिका सुरू झाली. लेखिका मुकोदा कुनिको. टोकियोतल्या एका तापट पाथरवटाच्या घरची ही गोष्ट. काजी त्यात थोरली मुलगी शिझुए झाली. वडिलांच्या कामाच्या जागी झालेल्या अपघाताने ती पायाने अधू आहे आणि तिचे प्रेम एक मूल असलेल्या घटस्फोटित पुरुषावर जडले आहे. घरात रोज आरडाओरड आणि ढकलाढकली चालते. शिझुए मात्र शांत असते. नामीचे मौन इथे वेगळ्या कामाला आले : तिथे ते समोरच्याला धमकावते, इथे घर सांभाळते. आदल्या वर्षी फुकासाकू किंजीच्या ‘जिंगी नाकी तातकाई’ या टोळीपटांच्या मालिकेतल्या हिरोशिमाच्या भागात टोळीप्रमुखाच्या विधवा भाचीची छोटी भूमिका तिने केली होती. तिच्यातही या मृदू बाजूची चुणूक दिसते.

१९७८ चा ‘सोनेझाकी शिंजू’ ही तिची सर्वोत्तम कामगिरी. चिकामात्सु मोंझाएमोन याने ओसाकातल्या खऱ्या घटनेवरून १७०३ मध्ये लिहिलेले हे बाहुलीनाट्य. वेश्यागृहातली ओहात्सु आणि सोयासॉसच्या पेढीवरचा नोकर तोकुबेई फसवणुकीत अडकतात आणि एकत्र प्राण देतात. दिग्दर्शक मासुमुरा यासुझो याने कमी खर्चात, कलात्मक चित्रपटांना पाठबळ देणाऱ्या एटीजी संस्थेसह हा चित्रपट केला आणि तोकुबेईसाठी रॉक गायक उझाकी र्यूदो याला घेतले. मासुमुराचे नट संवाद उंच सुरात, न थांबता, जवळजवळ फेकल्यासारखे म्हणतात. वास्तवदर्शी बोलण्याची अपेक्षा ठेवून बसलेल्याला पहिली वीस मिनिटे हे कृत्रिम वाटेल. जोरूरीच्या (बाहुलीनाट्यातील गायन-निवेदनाच्या) निवेदकाचा जोर डोक्यात ठेवला की त्याची लय लागते. सहा वर्षांपूर्वी मौनावर उभी राहिलेली काजी इथे अखंड बोलते, आणि मरणाचा निर्णय तोकुबेईच्या आधी ओहात्सुचा झालेला आहे हे तिच्या आवाजातून कळते. ओसरीखाली लपलेल्या तोकुबेईला ती पायाने खुणावते आणि तो तिचे पाऊल आपल्या गळ्याशी धरतो. या प्रसंगात चेहरा वर बसलेल्या माणसांसाठी आणि पाऊल खालच्या माणसासाठी, असा दुहेरी अभिनय आहे. किनेमा जुम्पो, ब्लू रिबन, माइनिची आणि होची हे त्या वर्षीचे सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे चारही पुरस्कार तिला मिळाले.

एवढ्या यशानंतरही चित्रपटांचा ओघ सुरू झाला नाही, कारण तिशी ओलांडलेल्या अभिनेत्रीसाठी मध्यवर्ती भूमिका लिहिणारा उद्योगच आक्रसला होता. काम दूरदर्शनवर होते. १९८९ मध्ये फुजी वाहिनीवर इकेनामी शोतारोच्या कथांवरील ‘ओनिहेई हान्काचो’ सुरू झाली. अठराव्या शतकातला एदोचा (आजचे टोकियो) दरोडे-जाळपोळ प्रतिबंधक अधिकारी हासेगावा हेइझो (नाकामुरा किचिएमोन, दुसरा) आणि त्याचे गुप्तहेर यांची ही मालिका २००१ पर्यंत आणि विशेष भागांच्या रूपाने २०१६ पर्यंत चालली. काजी त्यात ओमासा : चोराची मुलगी, स्वतः चोर, आता हेइझोची खबरी आणि मनातून त्याच्यावर प्रेम करणारी. जपानमधल्या मोठ्या वयाच्या प्रेक्षकांसाठी काजी म्हणजे आधी ओमासा, मग विंचू.

‘किल बिल’च्या पहिल्या भागात (२००३) ‘शुरायुकिहिमे’मधले तिचे गाणे ‘शुरा नो हाना’ आणि दुसऱ्यात (२००४) ‘उरामी बुशी’ वापरले गेल्यावर परदेशात तिचे जुने चित्रपट नव्याने शोधले जाऊ लागले. जपानमध्ये तिचे काम चालूच होते. ‘किनो नानी ताबेता?’ या मालिकेत (२०१९, २०२३) आणि तिच्यावरील चित्रपटात (२०२१) ती समलिंगी वकिलाची आई हिसाए झाली. मुलाला स्वीकारायचा निर्धार आणि त्याचा जोडीदार घरी आल्यावर न लपणारी अवघडलेली अवस्था, दोन्ही ती एकाच वेळी खऱ्या ठेवते.

तिचे काम क्रमाने पाहायचे असल्यास ‘सासोरी’चा पहिला भाग, मग दुसरा, ‘शुरायुकिहिमे’ आणि ‘सोनेझाकी शिंजू’ हा क्रम सोयीचा. १९६९ पूर्वीचे चित्रपट शोधताना ओता मासाको हे नाव वापरावे लागते; काजी या नावाने शोधल्यास सुरुवातीची चार वर्षे हाती लागत नाहीत.