घनमूळाची ती ट्रिक कुठल्याही संख्येला चालत नाही

स्पर्धा परीक्षेच्या ग्रुपांवर एक मेसेज वर्षानुवर्षं फिरतोय, "कोणत्याही संख्येचं घनमूळ २ सेकंदात". हे चूक आहे, ट्रिक फक्त पूर्ण घनाला (म्हणजे पूर्ण संख्येच्या घनाला, जसं २×२×२ = ८) चालते.

१७५७६ घ्या. उजवीकडचे तीन अंक सोडले की राहतात १७, तो ८ (२ चा घन) आणि २७ (३ चा घन) यांच्या मध्ये म्हणून दशक २, आणि शेवटी ६ आहे म्हणून एकक ६ (० ते ९ पैकी प्रत्येक एककाच्या घनाचा शेवटचा अंक वेगळा येतो, बहुतेकांचा तोच, फक्त २-८ आणि ३-७ ची अदलाबदल, वर्गात असं होत नाही म्हणून तिथे ही युक्ती अडते). उत्तर २६, बरोबर.

आता १७५८६ ला तेच करून बघा, परत २६ च येतं! पण २६ चा घन १७५७६ च आहे ना. अंकांची बेरीज बघूनही हे पकडता येत नाही, बेरीज २७ म्हणजे ९ ने भाग जातो आणि पूर्ण घनातही तसं होऊ शकतं. म्हणून प्रश्नात पूर्ण घन म्हटलं नसेल तर ६७६ (२६ चा वर्ग) गुणिले २६ करूनच बघा, अर्ध्या मिनिटाचं काम आहे.

सात अंकी असेल, समजा १३६७६३१, तर ११० चा घन १३३१०००, १२० चा १७२८०००, मधलं आणि शेवटी १ येणारं एकच, १११.