फुलस्क्रीन न होणं वेगळं, काळ्या पट्ट्या वेगळ्या

"भावा, गेम फुलस्क्रीन होईना." कोल्हापुरात पीसीतलं जरा कळतं असा ज्याचा बोभाटा झालाय, त्याच्याकडं हे वाक्य फिरून फिरून येतं. आणि सांगणाऱ्यानं तोंड मिटायच्या आत शेजारचे तिघे डॉक्टर होतात: ऑल्ट-एंटर दाब, ड्रायव्हर टाक, विंडोजच परत मार. दुखणं नेमकं कुठलं, हे कुणीच विचारत नाही. त्या एका वाक्यामागं दोन अगदी वेगळी दुखणी असतात आणि एकाचं औषध दुसऱ्याला ढिम्म लागू पडत नाही.

पहिलं दुखणं म्हणजे गेम विंडोत अडकलेला असतो. वर टायटलबार, खाली टास्कबार, मागं वॉलपेपर. दुसऱ्यात गेमनं अख्खी स्क्रीन घेतलेली असते, पण चित्राचा आकार स्क्रीनच्या आकाराशी जुळत नाही, म्हणून दोन बाजूंना काळ्या पट्ट्या राहतात. ओळखायला एकच प्रश्न पुरतो: रिकाम्या जागेत काय दिसतं? वॉलपेपर किंवा इतर आयकॉन दिसत असतील तर पहिलं. निव्वळ काळं असेल तर दुसरं. (वॉलपेपरच काळा ठेवणाऱ्यांनी आधी तो बदलावा.)

पहिल्याबद्दल फार बोलायला नको, ते बहुतेकांना येतं. विंडोजवर ऑल्ट-एंटर, नाहीतर गेमच्या व्हिडिओ सेटिंगमध्ये 'फुलस्क्रीन'. मॅकवर कंट्रोल-कमांड-एफ. ब्राउझरमधल्या गेमला एफ११ दाबला तर ब्राउझर मोठा होतो, गेम नाही. गेमच्या चौकटीच्या कोपऱ्यातलं बटण वेगळं असतं, ते दाबा. लॅपटॉपवर जुना गेम अर्धा स्क्रीनबाहेर सांडत असेल, तर विंडोजचं १२५ किंवा १५० टक्क्यांचं स्केलिंग (सगळं मोठं करून दाखवणं) आडवं आलेलं असतं. गेमच्या फाईलवर राइट क्लिक करून प्रॉपर्टीज, कम्पॅटिबिलिटी, मग हाय डीपीआय सेटिंग्ज उघडा आणि स्केलिंग 'ॲप्लिकेशन'कडं सोपवा. झालं.

आता दुसरं. सगळा घोळ इथं आहे.

जुन्या ट्यूबच्या मॉनिटरचा आकार ४:३ (रुंदी चार, तर उंची तीन) असायचा आणि त्या काळातले गेम त्याच मापाचे: ६४० × ४८०, ८०० × ६००, १०२४ × ७६८. आजचा साधा मॉनिटर १६:९, म्हणजे १९२० × १०८०. फिफा ०७ सारखा जुना गेम १०२४ × ७६८ वर लावला आणि उंची पुरेपूर भरली, की चित्राची रुंदी होते १४४० पिक्सेल. उरले ४८०. दोन्हीकडं २४०-२४० ची काळी पट्टी. गेम तेव्हा फुलस्क्रीनच असतो. ऑल्ट-एंटर कितीही बडवा, पट्ट्या हलायच्या नाहीत, कारण तिथं दाखवायला गेमकडं चित्रच नाही.

मग पुढचा कुणीतरी येतो आणि 'सोपा उपाय' करून देतो: चित्र आडवं ताणतो. पट्ट्या गेल्या, सगळे खूश. पण १४४० चं चित्र १९२० वर पसरलं म्हणजे प्रत्येक गोष्ट एक तृतीयांशानं रुंद झाली. फिफातला चेंडू अंड्यासारखा, खेळाडू बुटके आणि ढेरपोटे. शाहू स्टेडियमवर पाटाकडील आणि दिलबहारच्या मॅचला असा चेंडू आणला तर पोरं मैदानात उतरतील, आणि तीच पोरं घरी जाऊन तासन्‌तास या अंड्याला लाथा मारतात. डोळ्याला सवय झालीय, दुसरं काय. मिसळ खायला बसलं तरी भिंतीवरच्या टीव्हीत बातम्या देणारी बाई आडवी पसरलेलीच दिसते आणि कुणालाच काही वाटत नाही. मला वाटतं.

ही ताणाताणी ठरते ग्राफिक्स कार्डाच्या सेटिंगमध्ये, आणि गोंधळात भरही तिथंच पडते. एनव्हिडियाच्या कंट्रोल पॅनेलमध्ये डेस्कटॉपचा आकार आणि जागा ठरवायचं एक पान आहे. तिथं मुख्य पर्याय तीन: 'ॲस्पेक्ट रेशो' (रुंदी-उंचीचं मूळ प्रमाण राखणं), 'फुल-स्क्रीन' आणि 'नो स्केलिंग'. यातलं 'फुल-स्क्रीन' म्हणजे सरळ सरळ ताणणं. गेम फुलस्क्रीन करायला निघालेला माणूस तेच निवडणार, त्याचा काय दोष? एएमडीनं निदान 'फुल पॅनेल' असं वेगळं नाव दिलंय आणि बरोबर आकार ठेवणाऱ्या पर्यायाला 'प्रिझर्व्ह ॲस्पेक्ट रेशो'. दोन्हीकडं आकार राखणारा पर्याय घ्या. चारी बाजूंनी काळं आणि मधे टपाल तिकिटाएवढा गेम दिसत असेल तर 'नो स्केलिंग' किंवा 'सेंटर' लागलेलं आहे, तेही इथंच बदलतं.

बऱ्याच लॅपटॉपांत एनव्हिडियाच्या पॅनेलमध्ये हे पानच सापडत नाही. लोक म्हणतात ड्रायव्हर खराब. ड्रायव्हर चांगला असतो, फक्त लॅपटॉपची स्क्रीन एनव्हिडियाला नव्हे तर प्रोसेसरमधल्या ग्राफिक्सला जोडलेली असते. प्रोसेसर इंटेलचा असेल तर हाच पर्याय इंटेलच्या ग्राफिक्स ॲपमध्ये 'स्केल' नावाखाली मिळतो.

आणि गेमच्या व्हिडिओ सेटिंगमधलं 'बॉर्डरलेस'. ही दिसायला फुलस्क्रीन, पण खरं तर कडा काढून टाकलेली विंडो. खऱ्या फुलस्क्रीनमध्ये गेम मॉनिटरचं रिझोल्यूशन बदलू शकतो. बॉर्डरलेसमध्ये डेस्कटॉपचं आहे तेच राहतं, त्यामुळं कार्डाच्या स्केलिंग सेटिंगचा तिथं संबंधच येत नाही. "सेटिंग बदललं तरी काही फरक नाही" अशी तक्रार आली की मी आधी हेच बघतो. नव्या गेमला मी स्वतः बॉर्डरलेसच ठेवतो, ऑल्ट-टॅब केलं की पटकन बाहेर येता येतं. जुन्या ४:३ गेमला मात्र खरी फुलस्क्रीन.

काउंटर-स्ट्राइकवाले इथं हात वर करतील: मोठमोठे खेळाडू मुद्दाम ४:३ ताणून खेळतात. खेळतात, खरंय. समोरचा माणूस जाड दिसतो, नेम धरायला सोपा वाटतो. पण त्या गेममध्ये १६:९ वर आडवं सुमारे १०६ अंश दिसतं आणि ४:३ वर ९० च. बाजूनं येणारा तुम्हाला दिसायच्या आधी तुम्ही त्याला दिसता. सगळं माहीत असून ताणणार असाल तर खुशाल ताणा. गंगावेशीतला प्रत्येक पोरगा मात्र वर्ल्ड कपला निघालेला नसतो.

मोबाईलवर हाच प्रकार आणखी वाईट. २४०० × १०८० ची स्क्रीन म्हणजे २०:९. त्यावर १६:९ चा गेम लावला तरी दोन्हीकडं २४० पिक्सेल उरतात. सॅमसंगच्या सेटिंगमध्ये डिस्प्लेखाली 'फुल स्क्रीन ॲप्स' आहे. गेम त्या मापाचं चित्र खरोखर काढू शकत असेल तर त्यानं पट्ट्या जातात आणि जास्तीचं मैदान दिसतं. हे ताणणं नव्हे, जरूर करा. पण एम्युलेटरवर (जुन्या मशीनचे गेम चालवणारं ॲप) मुस्तफा हा जुना ४:३ चा गेम खेळताना ताणायचा पर्याय चालू केला, तर चित्र मूळच्या दीडपटीहून जास्त रुंद होतं.

मुस्तफाचं निघालंच आहे तर, म्हणजे कॅपकॉमचा १९९३ चा 'कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स'. त्या गेमचं चित्र ३८४ × २२४ पिक्सेलचं. हिशेब केला तर ४:३ पेक्षा बरंच रुंद निघतं. म्हणून काही हुशार लोक एम्युलेटरमध्ये 'मूळ पिक्सेल' निवडतात आणि आपलंच बरोबर म्हणून वाद घालतात. व्हिडिओ गेम पार्लरमधल्या खोक्यात ट्यूब ४:३ ची होती, तिच्यावर हे चित्र दाबून बसायचं आणि चित्रकारांनी पात्रं काढली तीही ते धरूनच. पिक्सेल मोजत बसू नका, ४:३ लावा.

राहिला टीव्ही. पीसी किंवा कन्सोल एचडीएमआयनं जोडला आणि गेमच्या कडाच कापल्या जात असतील, कोपऱ्यातला स्कोअर अर्धा दिसत असेल, तर हे वरच्या दोन्ही दुखण्यांपैकी काहीच नाही. टीव्ही चित्र किंचित मोठं करून कडा छाटतोय, जुन्या टीव्हींपासून चालत आलेली खोड. एलजीत 'जस्ट स्कॅन', सोनीत 'फुल पिक्सेल', सॅमसंगच्या बऱ्याच टीव्हींत 'स्क्रीन फिट'. गेमच्या सेटिंगला हातसुद्धा लावू नका, रिमोट घ्या.