एडी ऐकाऊ आणि वायमिआच्या लाटा

हवाईतील ओआहू बेटाच्या उत्तर किनाऱ्यावर हिवाळ्यात ज्या प्रचंड लाटा येऊन आदळतात, त्या उत्तर पॅसिफिकमधील दूरच्या वादळांत जन्मतात. वाटेत त्यांना अडवणारी जमीन नसते, त्यामुळे किनाऱ्याजवळच्या उथळ खडकाळ तळाशी गाठ पडेपर्यंत त्यांचे बळ बरेचसे टिकून राहते. याच किनाऱ्यावरील वायमिआ उपसागरात 1943 मध्ये डिकी क्रॉस हा तरुण सर्फर, म्हणजे फळीवरून लाटांवर स्वार होणारा, नाहीसा झाला आणि पुढे अनेक वर्षे मोठ्या लाटांच्या दिवसांत तेथे कोणी उतरत नसे. 1957 मध्ये सर्फर ग्रेग नोल आणि त्याच्या सोबत्यांनी तेथे उतरून ती दहशत मोडली.

एडी ऐकाऊचा जन्म 1946 मध्ये माउई बेटावर झाला. कुटुंब ओआहूला आल्यानंतर त्याने शाळा सोडली, अननसाच्या कारखान्यात काम धरले आणि उरलेला वेळ समुद्राला दिला. 1967 च्या हिवाळ्यात वायमिआच्या मोठ्या लाटांवर त्याचे नाव झाले. दुसऱ्याच वर्षी उत्तर किनाऱ्यावरचा पहिला जीवरक्षक म्हणून त्याची नेमणूक झाली. जेट स्कीवरून बचाव करण्याची पद्धत तेव्हा नव्हती. सर्फबोर्ड, पायातील फिन आणि पाण्याची जाण यांवरच सारी भिस्त होती. त्याने वाचवलेल्यांची संख्या पाचशेहून अधिक सांगितली जाते. लाटांचा पुढचा जथा केव्हा येईल आणि समुद्राकडे परतणाऱ्या पाण्याची ओढ माणसाला कोठे नेईल, हे ज्याला कळते तोच अशा लाटेवर टिकतो. एडीने हेच ज्ञान बुडणाऱ्यांसाठी वापरले, आणि माझ्या मते त्याचे मोठेपण 1977 मध्ये जिंकलेल्या ड्यूक काहानामोकू सर्फिंग स्पर्धेपेक्षाही येथे आहे.

त्याच दशकात हवाईचे मूळ रहिवासी आपला दर्यावर्दी वारसा पुन्हा हाती घेत होते. होकुलेआ ही पारंपरिक धर्तीची जोडनौका 1976 मध्ये आधुनिक उपकरणांविना, तारे आणि लाटांच्या आधाराने दक्षिण पॅसिफिकमधील ताहिती बेटाला पोहोचली होती. 1978 च्या दुसऱ्या सफरीत एडी खलाशांमध्ये होता. 16 मार्चला होनोलुलूहून निघालेली नौका त्याच रात्री खवळलेल्या समुद्रात उलटली. दुसऱ्या दिवशी, मदतीची चिन्हे दिसत नसताना, एडी सर्फबोर्ड घेऊन लानाई बेटाच्या दिशेने निघाला. बाकीच्यांची पुढे सुटका झाली, परंतु मोठा शोध घेऊनही एडी सापडला नाही. त्या वेळी तो 31 वर्षांचा होता.

त्याच्या स्मरणार्थ 1980 च्या दशकात सुरू झालेली सर्फिंग स्पर्धा पुढे वायमिआला आली आणि 1987 मध्ये त्याचा भाऊ क्लाइड तेथे विजयी झाला. लाटा हवाईच्या, म्हणजे लाटेच्या मागून उंची धरणाऱ्या, मोजणीने किमान 20 फूट, म्हणजे समोरून सुमारे 40 फूट असल्याखेरीज ही स्पर्धा होत नाही. प्रायोजक वा प्रेक्षक यांच्या सोयीसाठी ही अट सैल न करणे हाच एडीचा खरा मान आहे, मग कित्येक हिवाळे स्पर्धेविना गेले तरी चालेल. पहिल्या चाळीस वर्षांत ती जेमतेम अकरा वेळा भरली. जानेवारी 2023 मध्ये स्त्रियांनीही प्रथमच तीत भाग घेतला, आणि विजेता ठरला ल्यूक शेपर्डसन, जो त्या दिवशी वायमिआतच जीवरक्षक म्हणून कामावर होता आणि मधल्या सुट्टीत लाटांवर उतरत होता.