तारीख सासरी, बाई माहेरी

नवऱ्याने आपल्या गावी घटस्फोटाचा दावा लावायचा आणि माहेरी परतलेल्या बायकोने लहान मूल घेऊन दर तारखेला दुसऱ्या जिल्ह्यात, कधी दुसऱ्या राज्यात हजर व्हायचे. दावा आपल्याकडच्या कौटुंबिक न्यायालयात वर्ग करा, या मागणीमागे बहुतेक वेळा हीच ओढाताण असते.

हिंदू विवाह कायदा 1955 चा. त्याच्या कलम 19 नुसार दावा मुख्यतः तीन ठिकाणी लागे: लग्न झाले तिथे, दोघे शेवटचे एकत्र राहिले तिथे किंवा प्रतिवादी राहतो तिथे. बायकोलाच दावा लावायचा असला, तर माहेरचे कोर्ट बहुधा लग्न तिथे लागले असेल तरच मिळे. ती राहते तिथेही तिला दावा लावता यावा, ही दुरुस्ती व्हायला 2003 उजाडले. तरी नवऱ्याने आधीच लावलेला दावा या दुरुस्तीने हलत नाही. त्यासाठी बदली अर्जच करावा लागतो.

हा अर्ज दिवाणी प्रक्रिया संहितेखाली होतो. दोन्ही कोर्टे एकाच राज्यातली, म्हणजे पुण्याहून नाशिकला वगैरे, तर कलम 24 खाली उच्च न्यायालयात. राज्य बदलत असेल तर कलम 25 खाली सर्वोच्च न्यायालयात. कलम 25 ला आजचे रूप 1976 मध्ये मिळाले. गंमत अशी, की त्याच वर्षी हिंदू विवाह कायद्यात कलम 21-अ आले: नवरा-बायकोचे घटस्फोटाचे दावे दोन कोर्टांत असतील, तर नंतरचा दावा आधीच्या कोर्टात जाईल. म्हणजे जो आधी धावला त्याचे गाव! या कलमाने आपल्या बदलीच्या अधिकाराला बांध बसत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1981 मध्ये स्पष्ट केले.

कौटुंबिक न्यायालयांचा कायदा 1984 चा. पुण्या-मुंबईत ती 1989 मध्ये सुरू झाली.

बदलीचा निकष कायद्यात लिहिलेला नाही, तो निकालांतून घडला. बायकोची सोय आधी पाहावी, असे न्यायालये म्हणू लागली. मग या सवलतीचा गैरफायदा घेतला जातो, असेही त्यांनीच सुनावले. मार्च 2017 मध्ये सर्वोच्च न्यायालयातून वेगळीच वाट निघाली: बदलीऐवजी व्हिडिओ कॉन्फरन्सिंग. ती सात महिनेच टिकली. समेटाची बोलणी समोरासमोर आणि बंद दाराआड व्हायला हवीत, म्हणून 9 ऑक्टोबर 2017 रोजी तीन न्यायमूर्तींच्या पीठाने दोन विरुद्ध एक मतांनी तो निर्णय फिरवला. विरोधी मत न्या. धनंजय चंद्रचूड यांचे होते.

2020 मध्ये करोना आला आणि पडद्यावरची सुनावणी सगळ्याच कोर्टांना करावी लागली. बदली अर्ज मात्र साचतच राहिले. नोव्हेंबर 2022 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या प्रत्येक पीठाने रोज असे 10 अर्ज ऐकावेत, असे ठरले. ते ठरवणारे सरन्यायाधीश चंद्रचूडच होते.