फॉरवर्ड पास १९१३चा नव्हे, १९०६चा

अमेरिकन फुटबॉलमधला फॉरवर्ड पास, म्हणजे चेंडू हाताने पुढच्या गड्याकडे फेकणं, नोटर डेम विद्यापीठाचे खेळाडू गस डोरेस आणि नूट रॉकनी यांनी १९१३मध्ये आर्मीविरुद्ध, म्हणजे अमेरिकेच्या लष्करी अकादमीच्या संघाविरुद्ध, शोधून काढला, असं अजूनही सांगितलं जातं. रॉकनींवरच्या १९४०च्या चित्रपटाने ही समजूत आणखी पक्की केली. ती साफ चुकीची आहे.

१९०५च्या हंगामात मैदानावर खेळाडू दगावले, खेळावर बंदीची भाषा सुरू झाली आणि १९०६च्या नियमांत हा पास आला. पण अट जाचक होती: फेकलेल्या चेंडूला कुणाचाच हात लागला नाही, तर तो थेट प्रतिस्पर्ध्यांना. बहुतेक प्रशिक्षक त्याच्या वाटेला गेले नाहीत.

सेंट लुइस विद्यापीठाचे एडी कोकेम्स मात्र गेले. त्यांनी उन्हाळ्यात संघाला विस्कॉन्सिनच्या लेक ब्यूलाला नेऊन पासची कसून तालीम घेतली. ५ सप्टेंबर १९०६ला कॅरोल कॉलेजविरुद्ध ब्रॅडबरी रॉबिन्सनने पहिला पास फेकला. तो वाया गेला आणि नियमाप्रमाणे चेंडूही गेला! तरी त्यांनी हात आखडता घेतला नाही. त्याच सामन्यात जॅक श्नायडरने रॉबिन्सनचा २० यार्डांचा पास झेलून टचडाऊन केला, म्हणजे चेंडू प्रतिस्पर्ध्यांच्या गोलरेषेपलीकडे नेऊन गुण मिळवले. सामना २२-० असा जिंकला. त्या हंगामात सेंट लुइसने अकराही सामने जिंकले. गुण केले ४०७, दिले फक्त ११.

१९१३मध्ये डोरेसने १७पैकी १४ पास अचूक दिले, नोटर डेम ३५-१३ने जिंकलं. पराक्रम मोठाच, आणि पूर्वेकडच्या वृत्तपत्रांचे डोळे त्यानेच उघडले. पण पासचं श्रेय खुद्द रॉकनींनीच आत्मचरित्रात कोकेम्सना दिलं आहे.