राणीची अंत्ययात्रा आणि खडखडणारा कॅमेरा

२ फेब्रुवारी १९०१. लंडनच्या व्हिक्टोरिया स्टेशनासमोरच्या बागेत इंग्रज चित्रपटकार सेसिल हेपवर्थ कॅमेरा लावून उभा होता. गर्दी अफाट, पण चिडीचूप. तोफगाड्यावरून राणी व्हिक्टोरियाची शवपेटी जवळ आली, त्याने हँडल फिरवायला घेतलं, आणि त्या शांततेत यंत्र असं खडखडलं की धरणी दुभंगून कॅमेऱ्यासकट आपल्याला पोटात घेईल तर बरं, असं त्याला झालं. हे त्यानेच पुढे आत्मचरित्रात सांगितलंय. त्या आवाजाने घोड्यावरच्या नव्या राजाचं, सातव्या एडवर्डचं, लक्ष गेलं आणि चित्रण व्हावं म्हणून त्याने यात्रा थांबवली, असंही तो म्हणतो. मला हे जरा रंगवलेलं वाटतं. राजाच्या एका बाजूला जर्मनीचा कैसर होता, तर दुसऱ्या बाजूला ड्यूक ऑफ कॅनॉट, म्हणजे एकेकाळचा आपल्या मुंबई लष्कराचा सरसेनापती.

राणीला कॅमेरा नवा नव्हता. १८९६ च्या ऑक्टोबरात स्कॉटलंडमधल्या बाल्मोरलच्या वाड्यावर तिचं चित्रण झालं होतं आणि तिने डायरीत त्याची नोंदही केली होती. पुढच्या वर्षी २२ जूनला तिच्या हीरक महोत्सवाची मिरवणूक टिपायला कितीतरी कंपन्या धावल्या. (त्याच महोत्सवाच्या रात्री पुण्यात गणेशखिंडीच्या रस्त्यावर चापेकरांनी रँडवर गोळी झाडली.) १८९८ मध्ये माजी पंतप्रधान ग्लॅडस्टन यांची अंत्ययात्राही पडद्यावर आली. थोडक्यात, १९०१ पर्यंत मिरवणूक कशी टिपायची हे कॅमेरावाल्यांच्या हातात बसलं होतं. ते सोपंही होतं: वाट आणि वेळ आधीच ठरलेली, माणसं आपणहून समोरून जाणार. पन्नास फुटांचं रीळ मिनिटभरही पुरत नसे, म्हणून वेगवेगळ्या ठिकाणी यंत्रं लावून तुकडे गोळा करायचे.

राणीला काळा शोकाचा थाट नको होता. आपला अंत्यविधी सैनिकाच्या मुलीला शोभेल असा, लष्करी इतमामाने व्हावा, हे तिने लिहून ठेवलं होतं. म्हणून ती तोफगाडी. विंडसरला मात्र घोडे बिथरले, त्यांचा साज तुटला, आणि शेवटी नौदलाच्या खलाशांनी ती ओढली. ऐनवेळची ही तडजोड पुढे राजघराण्याची प्रथाच होऊन बसली.

त्याच वर्षीच्या डिसेंबरात मुंबईत छायाचित्रकार हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी केंब्रिजहून गणितात अव्वल येऊन परतलेल्या रँग्लर परांजपे यांच्या चौपाटीवरच्या स्वागताचं चित्रण केलं. तिथेही गर्दी होती, पण स्वागत जिवंत माणसाचं होतं. कॅमेरा कितीही खडखडला तरी चाललं असतं.